लंडनच्या चेशम स्टेशनला एकच फलाट का, आणि गाडी अर्ध्या तासानेच का?

तुमचा मुलगा लंडनला आहे, तुम्ही पुढच्या महिन्यात जाताय, आणि तिथल्या अंडरग्राउंड रेल्वेच्या नकाशात मेट्रोपॉलिटन लाइनच्या पार टोकाला चेशम दिसलं. इतर ठिकाणी दोन-तीन मिनिटांनी गाडी मिळते, मग इथे अर्धा तास का, आणि फलाट एकच कसा, असं तुम्ही विचारलंय. मी नाशिक रोडला रेल्वेच्या सिग्नल खात्यात होतो. मुलगी चेशमच्या जवळच राहते, त्यामुळे दोन उन्हाळे तिकडे गेले. हे स्टेशन मी अनेकदा नुसतं बघायला म्हणून गेलोय.

आधी अर्ध्या तासाचं सांगतो. चॅलफंट अँड लॅटिमर स्टेशनपासून चेशमचा फाटा सुटतो. ही सव्वासहा किलोमीटरची लाइन एकेरी आहे. मध्ये स्टेशन नाही, समोरून येणाऱ्या गाडीला वाट द्यायला बाजूचा रूळ, म्हणजे लूप, नाही. लंडनच्या अंडरग्राउंडवर लागोपाठच्या दोन स्टेशनांत एवढं अंतर दुसरीकडे कुठेच नाही. जायला नऊ-दहा मिनिटं, यायला तेवढीच. मध्ये ड्रायव्हरला पुढच्या केबिनमधून उतरून १३३ मीटर लांब गाडीच्या दुसऱ्या टोकाला जायचं असतं. एक गाडी फाट्यावरून बाहेर पडल्याशिवाय दुसरी आत सोडता येत नाही. बेरीज करून बघा, अर्धा तास होतोच.

आता फलाट. मुळात चेशमला लाइन संपायचीच नव्हती. एडवर्ड वॉटकिन मेट्रोपॉलिटन रेल्वेचे अध्यक्ष होते तेव्हा ही लाइन चेशमवरून पुढे ट्रिंगला नेऊन तिथल्या मोठ्या रेल्वेला जोडायची, असा बेत होता. ८ जुलै १८८९ रोजी चेशमपर्यंत गाडी आली. पुढे बेत बदलला. चॅलफंटहूनच दुसरी लाइन ॲमरशॅमवरून आयल्सबरीला नेली, ती १८९२ मध्ये सुरू झाली. तीच मुख्य लाइन ठरली आणि तीन वर्षं टोकाचं मानाचं स्टेशन असलेलं चेशम फाट्यावरचं झालं.

मला यातली सगळ्यात भिडलेली गोष्ट वेगळीच आहे. कंपनी स्टेशन गावापासून अर्धा मैल अलीकडेच ठेवणार होती. गावकऱ्यांनी वर्गणी काढून २,००० पौंड उभे केले आणि लाइन गावाच्या मध्यापर्यंत आणवली. आज गाडीतून उतरून उतार उतरलं की दोन-तीन मिनिटांत तुम्ही बाजारपेठेत असता. आम्हा नाशिककरांना याचं मोल कुणी समजावून सांगायला नको. आमचं स्टेशन शहरापासून आठ-नऊ किलोमीटरवर. एके काळी नाशिक रोडहून मेन रोडपर्यंत घोड्यांची ट्राम यायची, तीही बंद पडली. आज पंचवटीतल्या माणसाला पहाटेची गाडी पकडायची तर आदल्या रात्रीच रिक्षा सांगून ठेवावी लागते.

चेशमला पूर्वी जागा बरीच व्यापलेली होती. मालधक्का होता. कोळसा यायचा, आणि तिथल्या ओढ्यात पिकणारी वॉटरक्रेस नावाची पालेभाजी लंडनच्या बाजारात जायची. मालधक्का १९६६ मध्ये बंद झाला, तिथे आता मोटारी लावतात. १९६० पर्यंत फाट्यावर वाफेचं इंजिन आणि जुने लाकडी डबे धावायचे. विजेची गाडी येणार म्हणून दुसरा एक छोटा, एका टोकाला बंद असलेला फलाट बांधला, पण तो जेमतेम दहा वर्षं वापरात राहिला. त्याच्या रुळांच्या जागी आता बाग आहे. फलाटावर उभं राहून खाली पाहिलं की फुलांचा वाफा लांबच लांब आणि नेमका एका लाइनच्या रुंदीचा दिसतो. रेल्वेच्या माणसाला तिथे काय होतं ते लगेच कळतं. वाफेच्या इंजिनात पाणी भरायची उंच टाकी आणि जुनी सिग्नल केबिनही त्यांनी पाडलेली नाही. केबिनसमोर मी बराच वेळ उभा होतो. तरुणपणी अशाच केबिनमध्ये लिव्हर ओढलेत.

बाकी जुनं जाऊन नवं आलं ते २०१० च्या डिसेंबरात. तोवर चार डब्यांची गाडी नुसती चॅलफंट ते चेशम फेऱ्या मारायची आणि चॅलफंटला तिच्यापुरताच छोटा फलाट होता. नव्या गाड्या आठ डब्यांच्या आल्या, त्यांचे दोन तुकडे करता येत नाहीत, म्हणून त्या फलाटात मावेनात. त्यामुळे चेशमहून थेट लंडनच्या आल्डगेटपर्यंत गाडी सुरू करावी लागली. लोकांची गाडी बदलायची कटकट गेली.

जाताना गाडीवर ‘चेशम’ लिहिलंय ना ते बघून बसा. ॲमरशॅमची मिळाली तर चॅलफंटला उतरून थांबा. फाटा सुटल्यावर खिडकीशी जागा धरा. शेतं आणि झाडी संपता संपता खाली गावाची कौलं दिसू लागतात. आणि परतीची वेळ आधीच बघून ठेवा, कारण एक चुकली की पुढचा अर्धा तास त्या बागेसमोरच्या बाकावर.