टॅक्सी चालवणारा संगीतकार

प्रश्न: अमेरिकन संगीतकार फिलिप ग्लास म्हणे टॅक्सी चालवायचे, खरंय का? आणि त्यांच्या म्युझिकमध्ये तेच तेच का वाजत राहतं?

उत्तर: अगदी खरंय. १९३७चा बाल्टिमोरमधला जन्म, वडिलांचं रेकॉर्डचं दुकान, न्यूयॉर्कचं जुलियार्ड हे संगीत विद्यालय, मग पॅरिसला संगीतशिक्षिका नादिया बुलांजेंकडे शिक्षण, एवढं करूनही पोटासाठी प्लंबिंग केलं, टॅक्सी चालवली. १९७६ला त्यांचा 'आइन्स्टाइन ऑन द बीच' हा ऑपेरा, म्हणजे गाण्यातून रंगणारं नाटक, थेट न्यूयॉर्कच्या मेट्रोपॉलिटन ऑपेरा हाऊसमध्ये झाला, हाऊसफुल्ल, तरी डोक्यावर कर्ज, म्हणून पठ्ठ्या परत टॅक्सीवर!

तेच तेच म्हणाल तर जरा कान देऊन ऐका. पॅरिसमध्ये रविशंकरांचं एका फिल्मसाठीचं म्युझिक नोटेशनमध्ये उतरवायचं काम त्यांना मिळालं, तबल्याला अल्लारखा, तिथं कळलं की छोटे छोटे तुकडे जोडत ताल वाढवता येतो. म्हणजे पाच सुरांचा तुकडा, मग सहाचा, मग सातचा... बदल होतो पण चोरपावलांनी. मला पहिली दहा मिनिटं कंटाळाच येतो, नंतर मात्र सोडवत नाही.

सुरुवात 'सत्याग्रह'पासून करा, १९८०चा, गांधीजींच्या दक्षिण आफ्रिकेतल्या दिवसांवरचा ऑपेरा आहे आणि गातात चक्क संस्कृतात, गीतेतले श्लोक.