वाचकांचे प्रश्न : ताकायामाच्या जुन्या पेठेत गाइड घ्यावा का?

प्रश्न : माझी मुलगी नोकरीनिमित्त जपानमध्ये नागोयाला असते. येत्या ऑक्टोबरात मी आणि माझे यजमान तिच्याकडे जाणार आहोत. ताकायामा या जुन्या गावात गाइडसोबत अर्ध्या दिवसाचा हेरिटेज वॉक करावा, असे तिच्या मनात आहे. आम्ही दोघेही सत्तरीच्या घरात आहोत, माझे गुडघे दुखतात आणि आम्ही पूर्ण शाकाहारी आहोत. गाव लहान आहे, नकाशे इंग्रजीत मिळतात, मग गाइडवर पैसे कशाला घालवायचे, असे यजमानांचे म्हणणे आहे. आपण काय सुचवाल?
(एक वाचक भगिनी, पुणे)

उत्तर : गाइड अवश्य घ्यावा, असे माझे स्पष्ट मत आहे. यजमानांचे म्हणणे रस्ता सापडण्यापुरते बरोबर आहे. नागोयाहून ‘हिदा’ एक्स्प्रेसने सुमारे अडीच तासांत ताकायामा येते, स्टेशनातून पूर्वेकडे दहा-पंधरा मिनिटे चालले की मियागावा नदी लागते आणि नदीपलीकडे सानमाची ही व्यापाऱ्यांची जुनी पेठ सुरू होते. वाट चुकण्यासारखे तिथे काही नाही. मात्र ही पेठ अनोळखी माणसाशी आपणहून फारसे बोलत नाही. काळपट लाकडाच्या दर्शनी भिंती, उभ्या बारीक गजांच्या जाळ्या, हात वर केला तर लागेल अशी खाली उतरलेली वळचण आणि रस्त्याच्या कडेने वाहणारे अरुंद पाट, एवढे पाहून माणूस वीस मिनिटांत गल्लीच्या दुसऱ्या टोकाला पोहोचतो आणि त्याच्या लक्षात राहतात ती केवळ दुकाने.

डोंगरांनी वेढलेल्या, थंडीत बर्फाखाली जाणाऱ्या या मुलखात इतक्या देखण्या लाकडी इमारती का उभ्या राहिल्या, हा प्रश्न मनात घेऊन फिरले म्हणजे गावाचा अर्थ लागू लागतो. ताकायामा ज्या हिदा प्रांतात आहे, तिथे शेतजमीन थोडी आणि जंगल अफाट. आठव्या शतकातल्या कायद्याने या प्रांताला काही करांतून सूट दिली आणि त्याऐवजी दर 50 घरांच्या गावामागे 10 कारागीर राजधानीत बांधकामासाठी पाठवण्याची अट घातली. नारा आणि क्योतो येथील देवळे व राजवाडे उभारण्यात या हिदाच्या सुतारांचे हात लागले आणि ते कसब पिढ्यान्‌पिढ्या या खोऱ्यात टिकले. सोळाव्या शतकाच्या अखेरीस कानामोरी नागाचिका या सरदाराने येथे किल्ला बांधून त्याच्या पायथ्याशी गाव वसवले. पुढे 1692 मध्ये शोगुनने, म्हणजे देशाच्या लष्करी सत्ताधीशाने, कानामोरी घराण्याची दुसरीकडे बदली केली आणि इथले लाकूड व खनिजे थेट आपल्या ताब्यात घेतली. किल्ला पाडण्यात आला, गावात शोगुनचा अधिकारी बसला आणि पेठेचे खरे वैभव व्यापाऱ्यांकडे आले.

त्या अधिकाऱ्याची कचेरी, म्हणजे ताकायामा जिनया, आजही उभी आहे. शोगुनच्या थेट अमलाखालच्या प्रांतांतून अशा अनेक कचेऱ्या होत्या, परंतु मुख्य इमारतीसह टिकून राहिलेली ही एकमेव आहे. फेरी इथूनच सुरू करण्यास गाइडला सांगावे आणि इथे घाई करू देऊ नये. दालनांमधल्या तातामी चटयांचे काठ नीट पाहावेत. बसणाऱ्याचा दर्जा जसा, तसा काठ बदलत जातो. खिळ्यांची डोकी झाकण्यासाठी बसवलेली सशाच्या आकाराची छोटी झाकणे तर दाखवल्याशिवाय नजरेस पडत नाहीत. आणखी आत गेल्यावर खडी अंथरलेले चौकशीचे दालन लागते आणि त्यापुढे करापोटी आलेला तांदूळ साठवण्याचे प्रचंड कोठार. सोबतच्या माणसाला ओहारा उठावाविषयी मुद्दाम विचारावे. या कचेरीवर नेमलेल्या ओहारा आडनावाच्या बापलेकांच्या कारकिर्दीत, 1771 ते 1788 या काळात, जाचक करवसुली आणि जमीनमोजणीविरुद्ध हिदाचे शेतकरी पुन्हा पुन्हा उठले आणि त्यांतल्या अनेकांना देहान्ताची शिक्षा झाली. ते ऐकल्यावर कोठारातला थंड अंधार आणि बाहेरची ती खडी यांच्याकडे पाहण्याची आपली दृष्टी बदलते. माझ्या लेखी गाइडचे पैसे इथेच वसूल होतात.

जिनयाहून निघाल्यावर नाकाबाशी हा लाल पूल ओलांडून पेठेत शिरावे. साके या तांदळाच्या मद्याच्या जुन्या भट्ट्यांसमोर वळचणीला टांगलेले मोठे गोल गोळे दिसतील. सुगी नावाच्या सूचिपर्णी झाडाच्या डहाळ्या घट्ट बांधून, कातरून ते करतात. हिवाळ्यात नवे साके तयार झाले की ताजा हिरवा गोळा लावतात आणि महिन्यामहिन्याने तो तपकिरी होत जातो. आपण ऑक्टोबरात जाल तेव्हा तो बहुधा तपकिरीच असेल. गल्ल्यांमधून मधेच एखादी पांढऱ्या जाड भिंतींची, अरुंद पण विलक्षण उंच दाराची कोठी दिसते. तिच्यात उत्सवाचा बहुमजली रथ वर्षभर ठेवलेला असतो. हे रथ वसंतात 14 व 15 एप्रिलला आणि शरदात 9 व 10 ऑक्टोबरला बाहेर काढतात. मुलीने तारीख ठरवताना याचा विचार करावा. उत्सव पाहायचा असेल तर तो एक स्वतंत्र, सुंदर कार्यक्रम आहे, परंतु त्या दोन दिवसांच्या गर्दीत गाइडचे बोलणे ऐकू येणार नाही आणि आपल्याला बसायलाही जागा मिळणार नाही.

पेठेच्या उत्तरेला कुसाकाबे आणि योशिजिमा या दोन सावकार-व्यापारी घराण्यांची घरे शेजारी शेजारी आहेत. वेळ कमी पडू लागला तर दुकाने गाळावीत, ही घरे गाळू नयेत. शोगुनच्या राजवटीत व्यापाऱ्याने घराचा थाटमाट किती करावा यावर बंधने होती. ती राजवट 1868 मध्ये संपली. आगीत जळालेले कुसाकाबे यांचे घर 1879 मध्ये पुन्हा बांधले गेले, तेव्हा मालक आणि सुतार दोघांनाही हात मोकळा मिळाला होता. पुण्यातल्या एखाद्या जुन्या वाड्यासारखे हे घर बाहेरून आपली श्रीमंती सांगत नाही आणि आत पाऊल टाकताच मान वर करायला लावते. शेजारचे योशिजिमा यांचे घर 1907 मधले. त्यात उंचावरच्या खिडक्यांतून येणारा उजेड खांब आणि तुळयांच्या चौकटीवरून खाली उतरतो आणि दिवस कलतो तसा जागा बदलत जातो. तिथे गाइडला थोडा वेळ गप्प राहायला सांगण्यास संकोच करू नये. चांगला गाइड ते समजून घेतो.

आता आपल्या गुडघ्यांविषयी. पेठ सपाट आहे, त्यामुळे चालण्याचा त्रास फारसा होणार नाही. पूर्वेकडच्या हिगाशियामा भागात देवळांची रांग आहे, पण त्या वाटेवर चढउतार असल्याने ती आपण सोडून द्यावी. खरा त्रास घरांच्या उंबऱ्याशी होतो. प्रत्येक ठिकाणी पादत्राणे काढावी लागतात, जमिनीपासून लाकडी बैठकीपर्यंतची पायरी उंच असते आणि आत खुर्च्या क्वचितच असतात. नाडीचे बूट टाळावेत, जाड मोजे घालावेत आणि गुडघ्यांची अडचण नोंदणी करतानाच कळवावी. त्यामुळे गाइड बसण्याची ठिकाणे धरून मार्ग आखू शकतो. दहा-पंधरा जणांच्या गटात सामील होण्यापेक्षा आपल्या तिघांसाठीच गाइड घेणे मला योग्य वाटते, कारण गटाची चाल सर्वांत वेगवान माणसावर ठरते. सकाळी लवकर सुरुवात करावी. नदीकाठचा आणि जिनयासमोरचा, असे दोन्ही बाजार दुपारी बाराच्या सुमारास उठतात.

शाकाहाराबाबत मात्र सावध राहावे. ज्या पदार्थात मासा दिसत नाही, त्याचा रस्साही बहुतेक वेळा सुकवलेल्या बोनिटो माशाच्या पाण्यावर केलेला असतो, आणि भाज्यांचे किंवा नूडल्सचे ताट समोर आले म्हणून ते शाकाहारी ठरत नाही. मासा, माशाचे पाणी, मांस आणि अंडी यांपैकी काय काय चालत नाही हे जपानी लिपीत लिहिलेला कागद मुलीकडून तयार करून घ्यावा. बौद्ध मठांच्या परंपरेतले शोजिन जेवण आधी सांगून ठरवता आले तर उत्तमच. गल्लीत काडीला टोचून भाजलेले तांदळाच्या पिठाचे गोळे मिळतात. इतरत्र त्यांवर गोड पाक असतो, तर ताकायामात ते सोया सॉस लावून खमंग भाजतात. तेही विचारूनच घ्यावेत आणि दुकानासमोर उभे राहूनच खावेत. रस्त्यावर कचऱ्याचे डबे जवळजवळ नसतात, म्हणून सोबत एक पिशवी असू द्यावी.

प्रश्न : आम्ही मित्र नियमित ट्रेकिंग करतो. मागोमे ते त्सुमागो ही जुन्या महामार्गावरची वाट चालायची आहे. तिथे गाइडची गरज आहे का?
(एक वाचक, ठाणे)

उत्तर : वाटेसाठी गरज नाही. एदो, म्हणजे आजचे तोक्यो, आणि क्योतो यांना डोंगरांतून जोडणाऱ्या नाकासेंदो या महामार्गाचा हा सुमारे आठ किलोमीटरचा तुकडा आहे. खुणा स्पष्ट आहेत आणि आपल्यासारख्यांना तो तीन तासांत सहज होईल. अस्वलांना चाहूल लागावी म्हणून वाटेत घंटा बसवल्या आहेत, त्या जाता जाता जरूर वाजवाव्यात. त्सुमागोत पोहोचल्यावर मात्र तासाभरासाठी तरी स्थानिक माणूस सोबत घ्यावा, असे मी सुचवेन. या महामार्गावरच्या 69 मुक्कामांपैकी हा 42 वा. रेल्वे दुसरीकडून गेली आणि गाव ओस पडत चालले. रहिवाशांनी 1971 मध्ये घरे विकायची नाहीत, भाड्याने द्यायची नाहीत, पाडायची नाहीत असा ठराव केला. जुन्या वस्त्या सबंध जपण्याची तरतूद जपानच्या कायद्यात 1975 साली आली आणि पुढच्याच वर्षी संरक्षित झालेल्या पहिल्या वस्त्यांमध्ये त्सुमागो होते. म्हणजे कायद्याच्या आधी गावकऱ्यांनी हे काम हाती घेतले होते. विजेच्या तारा मुख्य रस्त्यावरून हलवलेल्या आहेत आणि दिवसा वाहनांना बंदी असते. ते सारे कोणी, कसे निभावले हे तिथे राहणाऱ्याच्या तोंडून ऐकण्यासारखे आहे. वाकिहोनजिन या मोठ्या पाहुणघरातल्या चुलाणाशी बसून, शोगुनच्या काळी इथल्या कीसो खोऱ्यातले हिनोकी या सूचिपर्णी जातीचे एक झाड तोडले तर एक शिर जाई, ही हकिगतही ऐकावी. ते घर 1877 मध्ये हिनोकीतच बांधले गेले, कारण तोवर झाडे तोडण्यावरची ती बंदी उठली होती.

प्रश्न : गाइडला बक्षिसी किती द्यावी? आणि परवाना नसलेला गाइड चालतो का?
(एक वाचक, कोल्हापूर)

उत्तर : बक्षिसी देण्याची रीत जपानमध्ये नाही. जबरदस्तीने पैसे हातात ठेवले तर समोरच्याला अवघडल्यासारखे होते. मिठाईचा एखादा बंद डबा दोन्ही हातांनी दिला तर तो आनंदाने घेतला जातो. परवान्याबाबतचा नियम 2018 मध्ये बदलला. त्यापूर्वी राष्ट्रीय परीक्षा उत्तीर्ण झालेल्यांनाच परदेशी पाहुण्यांकडून मोबदला घेऊन परभाषेत मार्गदर्शन करता येई, आता इतरांनाही येते. त्यामुळे परवाना ही अभ्यासाची खूण समजावी, आणि तो नसेल तर गाइड त्या गावाचा किती माहितगार आहे हे आधी पत्रव्यवहारातून पाहावे. अनेक जुन्या गावांत हौसेने फिरवून आणणारे स्वयंसेवकही असतात. ते मोबदला घेत नाहीत, पण त्यांचे प्रवासभाडे, प्रवेशशुल्क आणि सोबत जेवण झाले तर तो खर्च आपण करायचा असतो. त्यांना किमान दोन आठवडे आधी कळवावे, आणि काही कारणाने जाणे रद्द झाले तर तेही त्याच तत्परतेने कळवावे.