स्मृतिभ्रंशावरील औषधी पॅच : काय अपेक्षा ठेवावी, कोणती काळजी घ्यावी

प्रश्न : माझ्या ७६ वर्षांच्या सासूबाईंना अल्झायमर आहे. रिव्हास्टिग्मिनच्या कॅप्सूल सुरू केल्यापासून त्यांना मळमळते, उलट्या होतात. आता डॉक्टरांनी त्याच औषधाचा पॅच सुचवला आहे. त्याने स्मरणशक्ती परत येईल का? तो लावताना कोणती काळजी घ्यावी? – एक वाचक, सांगली

उत्तर : स्मरणशक्ती परत येणार नाही. हे आधीच स्पष्ट सांगतो, कारण पॅच लावूनही फरक दिसला नाही की घरातली माणसे स्वतःलाच दोष देत बसतात. मेंदूतील अ‍ॅसिटिलकोलीन या रसायनाचे विघटन हे औषध कमी करते. त्यामुळे काही रुग्णांचे लक्ष आणि रोजचे व्यवहार काही काळ थोडे सावरतात, पण मूळ आजार थांबत नाही.

पॅचमधले औषध कॅप्सूलमधलेच असते, फक्त ते त्वचेतून चोवीस तास संथपणे रक्तात उतरते आणि रक्तातील त्याची पातळी एकदम चढत नाही. अमेरिकेत २००७ साली मान्यता मिळालेल्या या पॅचच्या चाचण्यांत ९.५ मिलिग्रॅमच्या पॅचचा गुण कॅप्सूलच्या पूर्ण मात्रेइतकाच आढळला, मळमळ आणि उलट्या मात्र सुमारे एक तृतीयांशच राहिल्या. तुमच्या सासूबाईंसाठी हा बदल मला योग्य वाटतो.

सर्वांत महत्त्वाची काळजी ही, की नवा पॅच लावण्यापूर्वी जुना काढलाच पाहिजे. एकाच वेळी अनेक पॅच अंगावर राहिल्याने औषधाची मात्रा धोकादायकरीत्या वाढून मृत्यूही झाले आहेत. म्हणून हे काम घरात एकाच व्यक्तीकडे ठेवा आणि पॅचवर पेनने तारीख लिहायची असेल, तर ती चिकटवण्यापूर्वी लिहा. कॅप्सूल बंद केल्याच्या दुसऱ्या दिवशी पॅच सुरू करतात. दोन्ही एकत्र कधीही देऊ नका.

जागा पाठीची उत्तम, कारण तेथे रुग्णाचा हात सहज पोहोचत नाही. दंड किंवा छातीही चालते. आपल्याकडे वृद्धांना अंगाला तेल चोळण्याची पद्धत आहे, परंतु तेल, मलम किंवा पावडर लावलेल्या त्वचेवर पॅच चिकटत नाही, तेव्हा त्या दिवसाची जागा कोरडी ठेवा. पॅच तळव्याने अर्धा मिनिट दाबून धरा, कापू नका, आणि त्याच ठिकाणी पुन्हा चौदा दिवस लावू नका. आंघोळीला हरकत नाही. शेक मात्र त्यावर देऊ नये, कारण उष्णतेने औषध अधिक वेगाने शोषले जाते. तीन दिवसांहून अधिक खंड पडला, तर डॉक्टरांना विचारूनच ४.६ मिलिग्रॅमच्या पॅचपासून पुन्हा सुरुवात करावी लागते.

त्वचा थोडी लाल होणे नेहमीचे आहे. लाली पॅचबाहेर पसरली, फोड आले, चक्कर आली, नाडी मंदावली किंवा वजन घटू लागले, तर पुढच्या तपासणीची वाट न पाहता डॉक्टरांना कळवा.