ग्रीक दैवतकथांच्या अभ्यासाला निघालेल्या विद्यार्थ्यास

प्रिय विद्यार्थिमित्रा,

अनेक आशीर्वाद.

तुझ्या पत्रासोबतचा तक्ता पाहिला. ऑलिंपस या देवांच्या पर्वतावरचे बारा देव, प्रत्येकाचे अधिकारक्षेत्र, त्याचे आयुध आणि शेवटच्या रकान्यात आपल्याकडचा त्याच्या जोडीचा देव, अशी मांडणी तू मेहनतीने केली आहेस. नावे लक्षात राहण्यासाठी हा तक्ता हाताशी ठेवायला हरकत नाही. मात्र अभ्यासाचा पाया त्याच्यावर घालू नकोस, असे मी तुला आग्रहाने सांगेन. ग्रीकांकडे सर्वांनी प्रमाण मानावा असा एकच धर्मग्रंथ नव्हता. प्रत्येक नगराची देवस्थाने वेगळी, उत्सव वेगळे, आणि कवीही एकाच देवाची कथा आपापल्या श्रोत्यांसाठी निरनिराळी रचत. म्हणून कोणतीही कथा हाती आली की ती कोणी सांगितली, कोणत्या काळी सांगितली आणि कोणत्या स्थळाशी ती जोडलेली आहे, हे आधी विचारावे.

डिमीटरचेच उदाहरण घे. तुझ्या तक्त्यात तिच्यापुढे ‘धान्याची देवी, पर्सेफनीची आई, ऋतुचक्राची कथा’ एवढेच आहे. आता प्राचीन ग्रीक महाकवी होमरच्या नावावर मोडणाऱ्या, पण त्याच्या नंतर रचल्या गेलेल्या स्तोत्रांपैकी डिमीटरचे स्तोत्र वाच. जेमतेम पाचशे ओळींचे हे काव्य कित्येक शतके हरवले होते आणि 1777 मध्ये मॉस्कोत सापडलेल्या एकाच हस्तलिखितामुळे ते आज आपल्याला वाचता येते. कुरणात फुले खुडणाऱ्या पर्सेफनीला पाताळाचा राजा हेडीस रथात घालून नेतो, आणि या हरणाला तिच्या बापाची, म्हणजे देवांचा राजा झ्यूस याची, आधीपासून संमती असते. डिमीटर नऊ दिवस हातात पेटत्या मशाली घेऊन, अन्न आणि स्नान वर्ज्य करून लेकीला शोधत फिरते. अखेर सूर्यदेव हेलिओस तिला खरे काय ते सांगतो आणि वर समजूतही घालतो की, हेडीस तुझ्याच रक्ताचा भाऊ, एवढ्या मोठ्या राज्याचा धनी, तेव्हा जावई म्हणून तो काही वाईट नाही. लेक पळवून नेलेल्या आईला ‘स्थळ चांगले आहे’ असे ऐकवणारा हा देव कवीने एका लहानशा भाषणात उभा केला आहे, आणि तो कुठल्याही तक्त्यात सापडणार नाही.

पुढचा भाग तर सावकाश वाचण्यासारखा आहे. म्हातारीच्या वेषात डिमीटर एल्युसिस गावच्या विहिरीशी बसते. पाण्याला आलेल्या राजकन्या तिला घरी नेतात, तेथे राणी मेटानैरा तिला आपले आसन देऊ करते. ती ते नाकारते आणि लोकरीचे कातडे अंथरलेल्या साध्या चौरंगावर तोंड झाकून गप्प बसून राहते. इअँबी नावाची दासी थट्टामस्करी करून तिला हसवते. मग ती मद्य नको म्हणते आणि पाण्यात सातूचे पीठ व पुदिन्याच्या जातीचा पाला घालून केलेले पेय मागून घेते. हा तपशील कवीने उगीच घातलेला नाही. एल्युसिसच्या गुप्त विधींसाठी अथेन्सहून सुमारे वीस किलोमीटर चालत येणारे उपासकही उपवास करीत आणि असेच पेय घेत. हे विधी स्त्रियांना आणि गुलामांनाही खुले होते. तेथे नेमके काय दाखवले जाई हे उघड करणाऱ्याला मात्र अथेन्समध्ये मृत्युदंडाची भीती असे. ज्याने हे विधी पाहिले तो धन्य, आणि ज्याने पाहिले नाहीत त्याच्या वाट्याला मेल्यावर तसे भाग्य नाही, असे स्तोत्राच्या शेवटी स्पष्ट म्हटले आहे. तेव्हा या कथेला केवळ ऋतूंचे स्पष्टीकरण म्हणणे मला अपुरे वाटते. मरणाला सामोरे जाणाऱ्या माणसाला धीर देणारी ती कथा होती, आणि म्हणूनच चौथ्या शतकाच्या अखेरीस ख्रिस्ती सम्राटांनी जुन्या उपासनांवर बंदी घालेपर्यंत लोक एल्युसिसला येत राहिले.

काळ बदलला की कथेतील तपशीलही कसे बदलतात, हेही याच कथेत दिसते. स्तोत्रात पर्सेफनी अखेर आईकडे परतते, पण वर्षाचा एक तृतीयांश काळ तिला पाताळात राहावे लागते. रोमन कवी ऑव्हिड तिच्या वर्षाची निम्मी-निम्मी वाटणी करतो. मेडुसाचेही तसेच आहे. प्राचीन ग्रीक कवी हेसिअड याच्या काव्यात ती जन्मतःच गॉर्गन या राक्षसी भगिनींपैकी एक आहे, तर सुंदर तरुणीवर देवळात अत्याचार झाला आणि शिक्षाही तिलाच मिळाली, ही हेलावून टाकणारी कथा ऑव्हिडने सांगितलेली आहे. ट्रॉयच्या युद्धातला ग्रीक योद्धा अकिलीस याला केवळ टाचेतच मारता येई, ही गोष्ट तर होमरला ठाऊकच नाही. त्याच्या ‘इलियड’ या महाकाव्याच्या एकविसाव्या सर्गात भाला चाटून गेल्यावर अकिलीसच्या हातातून रक्त वाहते.

तुझ्या शेवटच्या रकान्याविषयी थोडे परखडपणे लिहितो. हेडीसपुढे तू यम लिहिला आहेस. यम पापपुण्याचा हिशेब पाहतो. होमरच्याच ‘ओडिसी’ या दुसऱ्या महाकाव्यात मृतांमध्ये न्यायनिवाडा करताना दिसतो तो क्रीटचा राजा मिनॉस. प्राण हरण करणारा थॅनॅटोस हा आणखी वेगळा. हेडीस केवळ मृतांवर राज्य करतो. अशी जोडी लावली की दोन्ही देवांचे वेगळेपण हातचे जाते, म्हणून तो रकाना निदान एक वर्ष कोरा ठेव. ग्रीक दैवतांचा आपल्या भूमीशी आलेला खरा संबंध पाहायचा असेल तर कोल्हापूरच्या टाउन हॉल संग्रहालयात जा. कोल्हापुरातल्याच ब्रह्मपुरी टेकडीवर सापडलेली समुद्रदेव पोसायडनची लहानशी कांस्यमूर्ती तेथे आहे. सातवाहन काळातील व्यापाराच्या वाटांवरून आलेला हा देव कोणी पूजेसाठी ठेवला होता की शोभेसाठी, हा प्रश्न मनात घेऊन तिच्यासमोर उभा राहा. साम्य शोधण्यापेक्षा अशा प्रश्नांनी तुझी दृष्टी अधिक तयार होईल.

वाचनाचा क्रम सांगायचा तर आधी हे स्तोत्र, मग ‘इलियड’चा पहिला आणि चोविसावा सर्ग, नंतर हेसिअड, आणि ऑव्हिड सर्वांत शेवटी. मेटानैराचे तान्हे मूल डिमीटर रात्री अग्नीत का ठेवते आणि आईच्या किंकाळीने काय बिघडते, यावर तुला काय वाटते ते पुढच्या पत्रात सविस्तर लिही. मात्र त्यावरचे कोणाचेही भाष्य तोवर वाचू नकोस.

तुझा शुभचिंतक