अमेरिकन संगीतकार फिलिप ग्लास यांच्या संगीतावर भारतीय संगीताचा प्रभाव आहे, हे खरं का?

हो, आणि ते त्यांनी स्वतःच सांगितलंय. १९३७ साली बाल्टिमोरला जन्म, वडिलांचं रेकॉर्डचं दुकान. न्यूयॉर्कच्या जुलियार्ड या संगीतशाळेत शिकून ते पॅरिसला संगीतशिक्षिका नादिया बुलांझे यांच्याकडे गेले. तिथे एका चित्रपटासाठी रविशंकरांचं संगीत पाश्चात्त्य वादकांसाठी लिहून काढायचं काम मिळालं. ग्लास स्वरलेखनात मात्रांचे गट पाडणाऱ्या उभ्या रेषा मारत, आणि तबलावादक अल्लारखाँ सांगत की आघात चुकीच्या जागी पडतोय. शेवटी सगळ्या रेषाच खोडल्या, तेव्हा लय सलग वाहू लागली. त्यांची पुढची सगळी शैली इथूनच फुटली, असं मला वाटतं.

१९७६ मध्ये 'आइनस्टाइन ऑन द बीच' हा त्यांचा ऑपेरा (पाश्चात्त्य संगीतनाटक) न्यूयॉर्कच्या मेट्रोपॉलिटन ऑपेरा हाउसमध्ये गाजला, तरी त्यानंतरही पोटासाठी ते टॅक्सी चालवत होते!

ऐकायचंच असेल तर त्यांचा 'सत्याग्रह' हा ऑपेरा (पहिला प्रयोग १९८०, रॉटरडॅम) ऐका. गांधीजींची दक्षिण आफ्रिकेतली वर्षं, पण शब्द गीतेतले, संस्कृतात. शेवटी गांधीजी एकच आरोह पुन्हा पुन्हा गातात. पेटीवर वाजवून बघा, स्वर आपल्या भैरवी थाटाचे आहेत.