मृतांच्या दलदलीतले दिवे ही सौरॉनची जादू आहे की दलदलीतला साधा वायू?

आपण विचारले आहे की, टॉल्किनच्या 'द लॉर्ड ऑफ द रिंग्ज' या कादंबरीतल्या मध्यभूमी या काल्पनिक जगातील मृतांच्या दलदलीत फ्रोडो हा हॉबिट, म्हणजे बुटक्या जमातीतला नायक, ज्या दिव्यांकडे पाहता पाहता पाण्यात पडतो, ते दिवे सौरॉन या दुष्ट सत्ताधीशाची जादू आहेत की दलदलीतून निघणारा वायू. उत्तराआधी एक दुरुस्ती करणे मला भाग आहे. फ्रोडो पाण्यात पडत नाही. तो पडतो २००२ च्या चित्रपटात, आणि तिथे वाटाड्या गॉलम त्याला बाहेर ओढतो. पुस्तकात यातले काहीही नाही. पुस्तकात जे आहे ते पडण्याहून कितीतरी भयंकर आहे.

दिव्यांमागे जाऊ नका, अशी ताकीद गॉलमने आधीच दिलेली असते. काही अंतर गेल्यावर फ्रोडोचा सोबती सॅम मागे वळून पाहतो तर फ्रोडो दिसत नाही. तो शोधत परत येतो, तेव्हा फ्रोडो त्या फिकट ज्योतींकडे पाहत जागच्या जागी उभा असतो; त्याचे हात ताठ होऊन खाली लोंबत असतात आणि त्यांतून पाणी व चिखल गळत असतो. हात कशात बुडाले होते, किती वेळ बुडाले होते, हे लेखक सांगत नाही. सॅमच्या बोलण्याने फ्रोडो स्वप्नातून उठल्यासारखा भानावर येतो आणि दोघे पुढे निघतात. लगेच नंतर अडखळून पडतो तो सॅम, आणि पाण्याखालचे मेलेल्यांचे चेहरे त्याला दिसतात. म्हणजे घसरणे सॅमच्या वाट्याला आले आहे. फ्रोडो आपण होऊन गेला होता.

हा फरक मला इतका का झोंबतो, ते सांगतो. मी तेरा वर्षांचा असताना कोकणात आजोळी होतो. जूनचा पहिला पाऊस पडून गेला होता. खाडीपलीकडच्या वाडीतले लग्नाचे जेवण आटोपून मामा आणि मी रात्री खाजणाच्या बांधावरून परत येत होतो. मामा बॅटरी घेऊन पुढे, मी मागे. तिवरांच्या पलीकडे एक उजेड दिसला, विझला, आणि थोडा डावीकडे सरकून पुन्हा दिसला. त्यानंतरचे मला आठवते ते थेट मामाच्या हाका. मी बांधाखाली वीस-पंचवीस पावलांवर गुडघाभर चिखलात उभा होतो आणि माझे दोन्ही हात कोपरांपर्यंत चिखलाने भरलेले होते. चपला बांधावर होत्या, एकीशेजारी एक, देवळाबाहेर काढून ठेवाव्यात तशा.

आजीने चकवा लागल्याचे जाहीर केले आणि असे झाले तर उजाडेपर्यंत आहे तिथेच बसून राहावे, पाऊल उचलू नये, असे बजावले. मामा हायस्कुलात विज्ञान शिकवत असत. त्यांच्या मते उजेड खेकडे धरणाऱ्यांचा होता आणि मी अंधारात घसरलो होतो. खेकडे धरणाऱ्यांबद्दल माझी तेव्हाही हरकत नव्हती, कारण पहिल्या पावसात खेकड्यांसाठी लोक दिवे घेऊन बाहेर पडतातच. परंतु घसरणारा माणूस चपला काढून ठेवत नाही, हे माझे म्हणणे मामांनी आजतागायत मान्य केलेले नाही. पुढे पुढे त्यांनी दलदलीतल्या वायूचाही आधार घेतला. त्यावरही मी त्यांना सांगितले आहे की, मिथेन आपोआप पेटत नाही. त्यासाठी डायफॉस्फेनसारखे हवेत स्वतःहून पेटणारे संयुग गृहीत धरावे लागते.

आता आपला प्रश्न. तिथे पुरलेले लोक सौरॉनविरुद्धच्या डागोरलाडच्या लढाईतले, म्हणजे दुसऱ्या युगातील ३४३४ सालचे. दलदल पसरत पसरत त्या थडग्यांवर आली. फ्रोडो तिथे पोहोचतो तो तिसऱ्या युगातील ३०१९ साली (युग बदलले की वर्षे पुन्हा पहिल्यापासून मोजतात), म्हणजे सुमारे तीन हजार वर्षांनी, आणि इतक्या काळात प्रेते टिकणे वायूने समजावता येत नाही. ही काळ्या प्रदेशाची, म्हणजे सौरॉनच्या राज्याची करणी आहे का, असे सॅमही विचारतो, आणि गॉलम आपल्याला ठाऊक नसल्याचे सांगतो. गॉलमने एकदा त्या प्रेतांपर्यंत हात पोहोचवायचा प्रयत्न केलेला आहे. ती दिसतात, हाताला लागत नाहीत. लेखकाने उत्तर येथेच सोडले आहे आणि तेच योग्य आहे. माझ्या मते दिवा कोणी लावला हा प्रश्नच दुय्यम आहे. आपला आग्या वेताळ घ्या किंवा चकवा घ्या, पाय माणसाचेच असतात.

त्या चेहऱ्यांमागे एक खरी जागाही आहे. टॉल्किन १९१६ साली पहिल्या महायुद्धात फ्रान्समधील सोमच्या लढाईत संदेशवहन अधिकारी होते; तोफगोळ्यांच्या खड्ड्यांत पाणी साचे आणि त्यात प्रेते पडून राहत. मृतांची दलदल सोमनंतरच्या उत्तर फ्रान्सचे काही देणे लागते, असे त्यांनी १९६० च्या एका पत्रात स्वतः लिहिले आहे. हे प्रकरण ज्यात आहे तो कादंबरीचा दुसरा खंड, 'द टू टॉवर्स', ११ नोव्हेंबर १९५४ रोजी, म्हणजे नेमका पहिल्या महायुद्धाच्या शस्त्रसंधीच्या तारखेस प्रसिद्ध झाला, हा बहुधा योगायोगच. मात्र त्याच पत्रात इंग्रज लेखक विल्यम मॉरिस यांच्या कादंबऱ्यांचे ऋण त्याहून मोठे असल्याचेही म्हटले आहे, तेव्हा सोमचा मुद्दा फार ताणू नये. मी स्वतः तो मामांसमोर बराच ताणला होता, हे कबूल करतो.

तेव्हा आपण ते प्रकरण पुस्तकातूनच वाचावे. चित्रपट वाईट नाही, पण त्या एका प्रसंगात त्याने माझ्या मामांची बाजू घेतली आहे. दोन वर्षांपूर्वी तो दूरचित्रवाणीवर लागला असताना मामा मोठ्या समाधानाने 'बघ, घसरला' म्हणाले होते. मी त्यांना पुस्तक दिले आणि पान दुमडून दिले. आठवड्याने त्यांचा फोन आला. हात ओले होते हे त्यांना मान्य होते. त्यांना फक्त फ्रोडोच्या चपला कुठे होत्या ते हवे होते, आणि हॉबिट पायात काहीच घालत नाहीत, हे मला सांगावे लागले.