आधी हाड की आधी धमनी?

प्रश्न : मी ट्रॉमाचे (अपघाती इजांचे) अमेरिकी चार्ट कोड करतो, म्हणजे रुग्णाच्या नोंदींतल्या निदानांना ठरलेले कोड लावतो. एका रुग्णाच्या उजव्या मांडीच्या हाडाचे मधोमध तुकडे होऊन ते सरकलं होतं, ओपन फ्रॅक्चर (हाड मोडून वरची त्वचाही फाटलेली), टाइप थ्री-सी. फेमोरल आर्टरी (मांडीची मुख्य धमनी) पूर्ण तुटली होती. पायातली सॅफेनस व्हेन ही शिरा काढून तिचा ग्राफ्ट, म्हणजे धमनीच्या जागी तिचा तुकडा, बसवला. मी आधी फ्रॅक्चर, मग धमनी, मग मांडीची जखम, शेवटी सॅफेनस व्हेनची इजा, असे चार कोड लावले. ऑडिटरचा शेरा एवढाच : ‘क्रम चुकीचा, कोड जादा.’ नेमकं काय चुकलं?

उत्तर : शेरा बरोबर आहे, पण इतका तुटक की त्यातून कोण काय शिकणार?

क्रमापासून सुरुवात करू. आयसीडी-१०-सीएमच्या (निदानांच्या अमेरिकी कोडयादीच्या) मार्गदर्शक सूचना सांगतात की मूळ इजेच्या ओघात रक्तवाहिनीला किरकोळ इजा झाली असेल, तर मूळ इजा आधी. मुख्य इजा रक्तवाहिनीचीच असेल, तर ती आधी. सगळ्यांत गंभीर काय हे ठरवायचं डॉक्टरांनी. आपण ते त्यांच्या नोटमधून वाचायचं. म्हणून डिस्चार्ज समरीच्या मथळ्यावर जाऊ नका, ऑपरेटिव्ह नोट उघडा. पाऊल गार, नाडी लागत नाही, आधी शंट (तात्पुरती नळी) टाकून रक्त सुरू केलं आणि मग हाडाला फिक्सेटर (हाड जागेवर धरणारा सांगाडा) लावला, अशी ती नोट असेल तर धमनी किरकोळ कशी म्हणणार? पहिला कोड धमनीचा, एस७५.०२१ए; दुसरा फ्रॅक्चरचा, एस७२.३५१सी. फ्रॅक्चरचा शेवटचा ‘सी’ टाइप थ्रीचे तिन्ही उपप्रकार सामावून घेतो. थ्री-सी म्हणजे दुरुस्ती करावी लागलेली धमनीची इजा, हे खरं. पण धमनी कोणती ते त्यात येत नाही. म्हणून एस७५ वेगळा लागतोच.

आता जादा कोड. एस७५खाली ‘सोबतची उघडी जखमही कोड करा’ अशी सूचना आहे, तुम्ही तीच पाळलीत. पण मांडीच्या उघड्या जखमेचा एस७१ उघडून पाहा : तिथे ओपन फ्रॅक्चर एक्सक्लूड्स-१मध्ये, म्हणजे सोबत लावू नये अशा कोडांत, टाकलंय. फ्रॅक्चरच ओपन आहे, तेव्हा जखम त्याच कोडमध्ये आली. हाड शाबूत आणि मांडीत नुसता सुरा घुसलेला असता, तर एस७१ हवाच होता.

आणि ती सॅफेनस व्हेन! ग्राफ्टसाठी सर्जनने मुद्दाम काढलेली शिरा ही इजा नव्हे, प्रोसिजरचा भाग आहे. तिच्या इजेचा एस७५.२ काढून टाका. हा कोड मला इतक्या चार्टांत नाहक बसलेला दिसतो की ‘सॅफेनस’ दिसलं की मी आधी ‘हार्वेस्ट’ (ग्राफ्टसाठी शिरा काढणं) हा शब्द शोधते.

तुमचं एक मात्र चोख जमलंय, धमनीच्या कोडमधलं मेजर लॅसरेशन (मोठी चीर). पूर्ण ट्रान्सेक्शन (आरपार तुटणं) आणि अपघाताने फुटलेली धमनी मेजरमध्ये जातात. अर्धवट तुटलेली मायनरमध्ये. गंमत म्हणजे नुसतं ‘लॅसरेशन ऑफ फेमोरल आर्टरी’ लिहिलं, तरी तेही मायनरच. रुग्णाला रक्ताच्या बाटल्यांवर बाटल्या चढल्यात आणि नोटमध्ये एवढाच शब्द, असं दिसलं तर अंदाजाने मेजर करू नका, सर्जनना क्वेरी (लेखी विचारणा) पाठवा. ‘धमनी किती तुटली होती, कृपया नमूद करावे’ असं विचारा. ‘पूर्ण तुटली होती ना?’ असं उत्तर सुचवून विचाराल तर ती क्वेरी टिकणार नाही.

प्रश्न : अँजिओग्राफीनंतर जांघेत फेमोरल आर्टरीतून रक्तस्राव झाला. एस७५.०९ (या धमनीची इतर इजा) चालेल?

उत्तर : नाही. एस७५ अपघाती इजांसाठी आहे. उपचार करताना धमनी चुकून फाटली, तर आय९७.५चा गट पाहा. तोही डॉक्टरांनी तसा संबंध लिहिला असेल तरच; नुसती जांघेत सुई गेली म्हणून गुंतागुंत ठरत नाही.

प्रश्न : इजा गुडघ्याच्या अगदी वर आहे. एस७५ की एस८५ (गुडघ्याखालच्या पायाच्या रक्तवाहिन्या)?

उत्तर : सेंटिमीटर मोजू नका, धमनीचं नाव बघा. फेमोरल मांडीतल्या स्नायूच्या फटीतून मागे गेली की पॉप्लिटियल (गुडघ्यामागची धमनी) होते, आणि पॉप्लिटियल एस८५.०मध्ये जाते, इजा मांडीच्या खालच्या टोकाला असली तरी. वरच्या बाजूलाही तेच : इंग्वायनल लिगामेंटच्या वरची इलियॅक असेल तर एस३५.५.

प्रश्न : दुसऱ्या रुग्णालयात हलवलेल्या रुग्णाच्या कोडच्या शेवटी ‘ए’ लावू की ‘डी’?

उत्तर : तिथे धमनी जोडली असेल तर ‘ए’. ‘ए’ म्हणजे पहिली भेट नव्हे, इजेवरचा सक्रिय उपचार. टाके काढायला, ग्राफ्टचं रक्त वाहतंय का ते तपासायला आला की मग ‘डी’.